बोडक्या डोक्याचा इतिहास

शरीराच्या ज्या भागावाचून मनुष्याचे काहीएक अडत नाही, त्या भागातच त्याने आपला मान नेमका गुंतवून ठेवावा, हा मनुष्यस्वभावातील एक चमत्कारिक प्रकार होय. दात गेले तर अन्न चावत नाही, दृष्टी मंदावली तर अक्षर दिसत नाही. परंतु डोक्यावरचे केस गेल्यामुळे कोणाची भूक मेली, बुद्धी गेली किंवा आयुष्य एका दिवसाने उणे झाले, असे ऐकिवात नाही. असे असूनही अंधेरी, बोरिवली, मुलुंड अगर घाटकोपर यांपैकी कोणत्याही स्टेशनाबाहेर पडून थोडे चालावे, तो दाताच्या डॉक्टरच्या पाटीशेजारीच केस उगवून देणाऱ्याची पाटी नजरेस पडते. तिच्यावर एकाच गृहस्थाची दोन चित्रे असतात. डावीकडे तो टकला व खिन्न असतो. उजवीकडे केसाळ व प्रसन्न असतो. मधल्या काळात त्याच्या आयुष्यात दुसरे काही बरेवाईट घडलेच नाही की काय, कोण जाणे! ही चित्रे पाहून आमच्या मनात एक प्रश्न येतो. या गृहस्थाच्या पणजोबांच्या डोक्यावरही कदाचित केस नसतील; मग त्यांचा चेहरा असाच खिन्न होता काय? या प्रश्नाचे उत्तर शोधू गेल्यास ते वैद्यकाच्या ग्रंथांत अर्धेच सापडते. उरलेले अर्धे आपल्या सामाजिक इतिहासात दडलेले आहे.

टक्कल ही व्याधी जुनी, याविषयी वाद नाही. सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानात क्षुद्ररोगांच्या मालिकेत ‘इंद्रलुप्त’ या नावाने तिचे वर्णन आले आहे. वाताबरोबर प्रकुपित झालेले पित्त रोमकूपांत शिरून केस पाडते, आणि मग रक्तासह कफ ती छिद्रे बुजवून टाकतो, म्हणून तेथे नवा केस उगवत नाही, अशी तेथील उपपत्ती आहे. ‘खालित्य’ हे सुश्रुताने इंद्रलुप्ताचेच दुसरे नाव मानले. परंतु पुढे वाग्भटाने अष्टांगहृदयात या दोहोंत भेद केला. केस एकाएकी जातात ते इंद्रलुप्त, आणि क्रमाक्रमाने जातात ते खालित्य. हा भेद आजच्या वैद्यकासही पटण्यासारखा आहे. कारण आपण जिला ‘चाई’ म्हणतो ती, आणि बापामागोमाग मुलाच्याही कपाळावरून मागे सरकत जाणारे टक्कल, या खरोखरच दोन निराळ्या गोष्टी होत. उपचारही ग्रंथकारांनी पुष्कळ सांगितले आहेत : दूषित रक्त काढणे, गुंजेचा लेप, माक्याच्या रसात सिद्ध केलेले तेल, इतकेच नव्हे तर हस्तिदंत जाळून केलेली मषी. हत्तीचा दात जाळून डोक्यास चोपडणे ज्यांस परवडत असेल अशांसही टकलाचा त्रास वाटत होता, एवढे यावरून निश्चित होते. जूलिअस सीझर आपले विरळ केस टाळूवरून पुढे ओढून घेई व रोमन सभेने दिलेल्या सन्मानांपैकी लॉरेलची माळ सदैव घालण्याचा हक्क त्यास विशेष प्रिय होता, असे त्याचा चरित्रकार स्वेटोनिअस सांगतो. आमच्याकडे भर्तृहरीने मात्र टकल्याची गोष्ट दैवाची थोरवी सांगण्यासाठी योजिली. उन्हाने टाळू पोळलेला मनुष्य बेलाच्या झाडाखाली आश्रयास जातो आणि तेथे नेमके बेलफळ त्याच्या डोक्यात पडते. नीतिशतकाचे मराठी रूपांतर वामन पंडितांनी केल्यापासून ही गोष्ट मराठी वाचकाच्याही परिचयाची झाली. तीत टकल्याची थट्टा आहे, नाही असे नाही. पण ती थट्टा दैवाच्या खोडीची आहे, त्याच्या रूपाची नव्हे.

आता आपल्या प्रांताकडे वळू. महाराष्ट्रात एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत बहुसंख्य हिंदू पुरुष मुळी डोके राखीतच नसत. आठा-पंधरा दिवसांनी न्हावी ओसरीवर येई, धोपटी सोडी, वाटीतल्या पाण्याने डोके भिजवी आणि मध्यावर शेंडी व तिच्याभोवती घेरा ठेवून बाकीचे डोके वस्तऱ्याने गुळगुळीत करी. क्षौरास कोणता वार वर्ज्य, कोणती तिथी वर्ज्य, हे पंचांगात पाहिले जाई. आईबाप वारले म्हणजे मुलगा सर्व डोके भादरून घेई, आणि त्यात कोणास लाज वाटत नसे. न केले तरच लोक नावे ठेवीत. घराबाहेर पडताना या भादरलेल्या डोक्यावर पगडी, पागोटे, रुमाल, नाहीतर मुंडासे चढे. न्यायमूर्ती रानडे, लोकमान्य टिळक, नामदार गोखले यांची पगडी घातलेली चित्रे आपण शाळेत असल्यापासून पाहात आलो. परंतु यांपैकी कोणाच्या टाळूवर किती केस होते, हे आपल्यापैकी किती जणांस सांगता येईल? ज्याचे केस निसर्गाने नेले तो आणि ज्याचे वस्तऱ्याने नेले तो, हे दोघेही पगडीखाली सारखेच. टक्कल उघडे पडावयास आधी डोके उघडे पडावे लागते. पणजोबांचा चेहरा खिन्न नव्हता, याचे पहिले कारण हे असे साधे आहे.

परंतु या समाधानाच्या चित्राला एक दुसरी बाजू आहे, आणि ती सांगितल्यावाचून पुढे जाणे हा अप्रामाणिकपणा होईल. मराठीत ‘बोडका’ हा शब्द डोक्यावर काही न घातलेल्या पुरुषास लावतात. पगडी वा टोपी न घालता कोणी दारात उभा राहिला तर वडीलमाणसे म्हणत, “बोडक्याने काय हिंडतोस?” एवढ्यावर काम भागे. हाच शब्द स्त्रीलिंगी झाला की त्याचा अर्थ पालटतो. ‘बोडकी’ म्हणजे नवरा वारल्यामुळे जिचे केस बळाने काढले गेले ती विधवा. मुख्यतः ब्राह्मणांत आणि त्यांचे अनुकरण करणाऱ्या काही जातींत ही चाल होती. जो न्हावी ओसरीवर घरधन्याची श्मश्रू करी, तोच माजघराच्या अंधारात त्याच्या बालविधवा मुलीपुढे वस्तरा घेऊन बसे. पुरुषाचे मुंडण ही धार्मिक शुद्धी आणि स्त्रीचे मुंडण हा जन्मभराचा दंड, असा एकाच वस्तऱ्याचा दुहेरी न्याय होता. पहिल्याचे केस पुढच्या पंधरवड्यात परत येत, आणि दुसरीचे परत येऊ लागले की ते पुन्हा काढण्यासाठी न्हाव्यास बोलावणे जाई. केस जाण्याने माणसाचे जिणे अवघड होऊ शकते, हे आमच्या समाजास टकल्या पुरुषांनी शिकविलेले नाही. ते या स्त्रियांनी शिकविले.

या चालीवर आगरकरांनी ‘सुधारका’तून आसूड ओढले. १८९० पासून हरिभाऊ आपट्यांच्या ‘करमणूक’ पत्रात ‘पण लक्षांत कोण घेतो?’ ही कादंबरी क्रमशः येऊ लागली. तिच्यातील यमूच्या केशवपनाचा प्रसंग वाचून घरोघर वाचकांचे डोळे भरून आले. पंडिता रमाबाईंनी १८८९ च्या मार्चमध्ये मुंबईस शारदासदन काढले आणि विधवांस शिक्षणाचे दार उघडून दिले. परंतु या सर्वांहून आम्हांस अधिक विलक्षण वाटते ती मुंबईच्या न्हाव्यांची कृती. १८९० च्या सुमारास मुंबईतील शेकडो न्हाव्यांनी सभा भरवून, आम्ही यापुढे विधवांच्या डोक्यास वस्तरा लावणार नाही, असा ठराव केला. त्यांच्यामागे उभे होते ‘दीनबंधू’चे संपादक नारायण मेघाजी लोखंडे. १० जून १८९० रोजी गिरणीकामगारांना रविवारची सुटी मिळाली, तिच्यासाठी झगडणारे लोखंडे ते हेच. लेखकांनी लेख लिहिले, वक्त्यांनी व्याख्याने दिली. परंतु ज्यांच्या हाताशिवाय ते पाप घडूच शकत नव्हते, त्यांनी आपला हात आखडता घेतला. त्यात त्यांची मिळकत बुडत होती, हे विसरता कामा नये. खेड्यातील बलुतेदारास असे करणे कठीण गेले असते, कारण सुगीच्या धान्यासाठी त्यास त्याच घरांपुढे उभे राहावे लागे. मुंबईचा न्हावी रोकड पैशावर जगत होता, आणि एका गिऱ्हाइकाने पाठ फिरविली तर दुसरे मिळण्याजोगे होते, म्हणून त्यास हे धैर्य साधले असावे असा आमचा तर्क आहे. या ठरावाने चाल एकदम थांबली असे नाही. ती पुढे कित्येक वर्षे रेंगाळली. तथापि ज्याच्या हातात हत्यार आहे त्याने ‘नाही’ म्हणावे, हा धडा या नगरीत न्हाव्यांनी घालून दिला. त्याचे स्मरण आम्हांस पुढे पुन्हा करावे लागणार आहे.

हळूहळू पुरुषांचे डोके उघडे पडू लागले. इंग्रजी शिकलेल्या तरुणांनी घेरा मोडून केस राखण्यास आरंभ केला, तेव्हा म्हाताऱ्यांनी नाके मुरडली. पगडीची टोपी झाली, काळ्या टोपीची कोठे गांधी टोपी झाली, आणि शेवटी टोपीही खुंटीवर गेली. हा बदल जेथे फार ठळकपणे दिसला असेल असे स्थळ म्हणजे मुंबईची उपनगरे. १९२० साली मुंबई उपनगर जिल्हा निराळा झाला. १९२८ च्या जानेवारीत बोरिवलीपर्यंत विजेची गाडी धावू लागली. आणि गिरगाव-दादरच्या चाळींत न मावणारा कारकून, शिक्षक, लहान व्यापारी अंधेरी, बोरिवलीकडे, तिकडे घाटकोपर, मुलुंडकडे राहावयास गेला. त्याचा जुना न्हावी ओसरीसह मागे राहिला. त्याच्या जागी स्टेशनाच्या रस्त्यावर ‘केशकर्तनालय’ आले. ओसरीवर एक लहानसा हातआरसा पुरे होई. येथे समोर भिंतभर आरसा, आणि काम संपल्यावर न्हावी दुसरा आरसा मानेमागे धरून मागची बाजू दाखवी. मनुष्याने स्वतःची टाळू पाहण्याचा हा पहिला प्रसंग! कित्येकांस आपल्या टकलाची वार्ता याच दुसऱ्या आरशाने दिली असेल. आणि तेथून निघून तो गाडीत बसला म्हणजे दांडीस धरून उभ्या असलेल्या दहाजणांच्या नजरेखाली त्याची तीच टाळू येई. टोपी होती तोवर ही पंचाईत नव्हती.

याच उपनगरांत बोलपटांचा धंदा वाढला, हाही योगायोग लक्षात घेण्याजोगा आहे. १९३४ साली मालाडास बॉम्बे टॉकीज निघाली. अंधेरीस प्रकाश आणि मोहन हे स्टुडिओ नावारूपास आले. पडद्यावरच्या नायकास टक्कल कधी पडले नाही. टक्कल असे ते विनोदी पात्रास, सावकारास, नाहीतर खलनायकास. ही वाटणी इतकी पक्की की, १९८४ च्या ‘सारांश’ चित्रपटात प्रधान नावाच्या निवृत्त मराठी मुख्याध्यापकाची भूमिका करणारे अनुपम खेर त्या वेळी अवघे अठ्ठावीस वर्षांचे होते. तरुणपणीच केस गेलेल्या नटास म्हातारपणाची भूमिका मिळाली आणि तिने त्यांचे नाव केले, हे त्यांच्या कलेचे यश खरे. परंतु टक्कल म्हणजे वार्धक्य, ही प्रेक्षकांची समजूत किती खोल गेली होती, हेही त्यावरून कळते. २०१९ च्या नोव्हेंबरात ‘उजडा चमन’ आणि ‘बाला’ असे दोन हिंदी चित्रपट टकल्या तरुणाच्या लग्नाच्या अडचणीवर लागोपाठ निघाले. ही अडचण काल्पनिक नाही. स्थळ पाहताना मुलाचे शिक्षण, नोकरी, जागा हे सर्व पसंत पडूनही ‘पण केस नाहीत हो’ या चार शब्दांवर गाडी अडलेली आम्ही पाहिली आहे. मग तो मुलगा टोपी घालून फिरू लागतो, समारंभाची छायाचित्रे टाळतो, आणि एक दिवस स्टेशनाबाहेरच्या त्या पाटीखालचा जिना चढतो.

त्या जिन्यावर त्यास काय मिळते, हे समजण्यासाठी टकलाचे कारण जाणले पाहिजे. अंडकोश काढलेल्या पुरुषांस टक्कल पडत नाही, हे निरीक्षण हिपॉक्रॅटिसच्या सूत्रांत नमूद आहे. दोन हजारांहून अधिक वर्षांनी, १९४२ साली, जेम्स हॅमिल्टन या अमेरिकन शास्त्रज्ञाने ज्यांच्या शरीरात पुरुषी अंतःस्राव नव्हता अगर अपुरा होता अशा १०४ जणांचा अभ्यास करून त्यातील मर्म दाखविले. वयात येण्यापूर्वीच ज्यांचा तो स्राव बंद पडला त्यांस टक्कल पडत नाही. परंतु त्यांस तो स्राव बाहेरून दिला, तर ज्यांच्या घराण्यात टक्कल आहे त्यांचे केस जाऊ लागतात. म्हणजे आनुवंशिकता आणि पुरुषी स्राव ही दोन्ही एकत्र यावी लागतात. टेस्टोस्टेरॉनपासून शरीरात डायहायड्रोटेस्टोस्टेरॉन तयार होते. त्याच्या प्रभावाने जन्मतःच हळवी असलेली केसांची मुळे वर्षानुवर्षे बारीक होत जातात, केसांची वाढ अल्पकाळ टिकते, आणि शेवटी लव तेवढी उरते. यात टोपीचा दोष नाही, हेल्मेटचा नाही, आणि उपनगरांतील सोसायट्यांच्या सभांत ज्याच्या नावाने खडे फोडतात त्या बोरिंगच्या पाण्याचाही नाही. रोज पन्नास ते शंभर केस तर सर्वांचेच गळतात. मोठा ताप, शस्त्रक्रिया अगर उपासमार यांनंतर दोनतीन महिन्यांनी केस मुठीने येतात. पण ते बहुधा आपोआप परततात. तेवढ्यात ज्याने तेल विकले असेल त्याचे नाव होते, ही गोष्ट निराळी.

खरे उपचार दोन-तीनच. मिनॉक्सिडिल हे मूळचे रक्तदाबाचे औषध. ते घेणाऱ्यांच्या अंगावर केस वाढू लागले, म्हणून त्याचे डोक्यास लावण्याचे पाणी निघाले आणि १९८८ साली अमेरिकेत त्यास मान्यता मिळाली. दुसरे फिनॅस्टराइड. डोमिनिकन प्रजासत्ताकातील काही कुटुंबांत डायहायड्रोटेस्टोस्टेरॉन तयार करणारा घटक जन्मतः कमी असतो, हे १९७४ साली प्रसिद्ध झाले, आणि तेथील पुरुषांस टक्कल पडत नाही असेही दिसून आले; त्या धाग्यावरून हे औषध सिद्ध होऊन १९९७ साली टकलासाठी मान्य झाले. दोन्हींचा गुण घेत असेपर्यंतच टिकतो, आणि फिनॅस्टराइडने काही जणांच्या कामशक्तीवर व मनःस्थितीवर परिणाम होतो, म्हणून ते डॉक्टरास विचारूनच घ्यावे. तिसरा उपाय रोपणाचा. जपानात ओकुडा यांनी १९३९ साली आणि न्यूयॉर्कमध्ये ऑरेंट्राइक यांनी १९५२ पासून तो रूढ करण्याचा पाया घातला. मानेवरचे केस कपाळावर लावले तरी आपला टिकाऊ स्वभाव सोडीत नाहीत, हे त्याचे तत्त्व. परंतु यात नवा केस एकही निर्माण होत नाही. मागची ठेव मोडून पुढचे देणे भागवायचे, एवढाच हा व्यवहार. आणि ठेव मर्यादित असते.

हे सारे सरळ सांगणारे डॉक्टर आहेत आणि त्यांच्याविषयी आमची तक्रार नाही. पण टक्कल समूळ घालविण्याचे वचन देणारेही उदंड आहेत. वस्तुतः औषधांच्या १९४५ च्या नियमावलीतील ‘जे’ परिशिष्टात, जे विकार बरे करण्याचा दावा औषधाने करू नये अशांच्या यादीत, टकलाचा उल्लेख आहे. असे असूनही मासिकांच्या शेवटच्या पानांवर सुवासिक तेलांच्या ज्या जाहिराती एकेकाळी येत, त्यांची नातवंडे आज भिंतीभिंतीवर दिसतात. टाळूवरचे लोणी खाणे हा वाक्प्रचार त्यांच्यासाठीच जन्मास आला असावा! यापुढची गोष्ट मात्र विनोदाची नाही. २०१९ च्या मार्चमध्ये अंधेरीच्या बाजूस राहणाऱ्या, चाळिशी नुकतीच ओलांडलेल्या एका व्यावसायिकाने मुंबईत एकाच दीर्घ बैठकीत सुमारे साडेनऊ हजार केसांचे रोपण करून घेतले. नंतर त्याचा चेहरा व घसा सुजला, श्वास लागला, आणि दोन-तीन दिवसांत त्याचा मृत्यू झाला. तीव्र अॅलर्जीची शंका त्या वेळी व्यक्त झाली. राष्ट्रीय वैद्यक आयोगाने २०२२ च्या सप्टेंबरात, केशरोपण हे रीतसर शिक्षण घेतलेल्या डॉक्टरांनीच करावे, कार्यशाळेत अगर चित्रफितीत पाहून ते शिकता येत नाही, असे मार्गदर्शन प्रसिद्ध केले. ते योग्यच झाले. तथापि आमच्या मनात राहून राहून येते ते हे की, प्रकृतीने धडधाकट असा तो गृहस्थ, ज्या उणिवेने त्याचा एकही श्वास कमी होणार नव्हता, तिच्यापायी गेला.

लाजेचे बळ किती, याचा आणखी एक दाखला अलीकडचाच आहे. २०२४ च्या डिसेंबरापासून बुलढाणा जिल्ह्यातील शेगाव तालुक्याच्या काही गावांत स्त्री-पुरुष-मुलांचे केस तीन-चार दिवसांत झडून टक्कल पडू लागले. वाग्भटाच्या भाषेत हे खालित्य नव्हे, एकाएकी येणारे. महाडचे डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी केलेल्या तपासणीत शिधावाटपाच्या गव्हातील सेलेनियमच्या अतिरेकाकडे बोट दाखविले. म्हणजे प्रश्न अन्नाचा होता. पण गावकऱ्यांस प्रथम जाचली ती लोकांची नजर. काहींनी तर उरलेले केसही स्वतःच भादरून घेतले. पुन्हा तोच वस्तरा!

मग करावे काय? ज्यास औषध घ्यावेसे वाटते त्याने ते जरूर घ्यावे. आपले डोके, आपला पैसा. केसांची हौस हा काही गुन्हा नाही. परंतु ती हौस आहे की धाक आहे, एवढे ज्याने त्याने जिना चढण्यापूर्वी पायरीवर उभे राहून स्वतःस विचारावे. ज्यांच्या हातात आज नवी हत्यारे आहेत त्यांनी १८९० च्या न्हाव्यांकडे पाहावे. गिऱ्हाईक पैसे मोजावयास तयार आहे, समाज त्याच्यामागे उभा आहे, तरीही काही कामे ‘आमच्या हातून होणार नाहीत’ असे म्हणता येते. आणि ते म्हणणारे फार शिकलेले असावे लागत नाहीत. आणि आपण, जे मुलाच्या केसांवरून स्थळे मोडतो, त्यांनी हे आठवावे की, केसांवरून माणसाची किंमत करण्याची खोड या समाजास फार जुनी आहे. ती किंमत एके काळी आमच्या आयाबहिणींनी चुकविली. त्यांचे केस परत आले, ते कोणत्याही तेलाने नव्हे. लोकांना लाज कशाची वाटावी, हे बदलल्याने आले.

पणजोबांच्या डोक्यावर केस होते की नव्हते, हे आता कोणासच ठाऊक नाही. घरात त्यांचे चित्र असेल तर त्यात पगडी आहे, आणि पगडीखालचा चेहरा शांत आहे. ती पगडी परत आणावी असे आम्ही म्हणत नाही; तिच्याखाली पुष्कळ अन्यायही झाकला गेला. फक्त तो चेहरा बोडक्याने परत आणता आला, तर पाहावा.